‘ग्रोव्ह्ज’: समुद्र न पाहिलेली नौका

जानेवारी १९४४. अमेरिकेतली बोस्टनची नौदल गोदी. ऐन थंडीत एका जहाजाचा सांगाडा पाण्यात उतरतोय. कील, म्हणजे जहाजाचा तळाचा कणा, घालून जेमतेम दीड-दोन महिने झालेत. नाव ‘ग्रोव्ह्ज’, क्रमांक डीई-५४३.

हे नाव एका मुलाचं. स्टीफन ग्रोव्ह्ज, मेन राज्यातल्या ईस्ट मिलिनॉकेट गावचा. शिकून इंजिनिअर झाला आणि मग नौदलात वैमानिक. ४ जून १९४२ ला मिडवेच्या लढाईत ‘हॉर्नेट’ या विमानवाहू नौकेवरून तो वाइल्डकॅट विमान घेऊन उडाला, तो परतलाच नाही. वय होतं पंचवीस.

त्याच्या नावाची ही नौका राखणदार होणार होती. ३०६ फूट लांबी, पाच इंची दोन तोफा आणि पाणबुड्यांसाठी डेप्थ चार्ज, म्हणजे पाण्याखाली फुटणारे बॉम्ब. मालवाहू जहाजांच्या ताफ्यासोबत जायचं आणि त्यांना सुखरूप पोचवायचं, हे तिचं काम.

पण ती घडत असताना युद्धाचं पारडं फिरलं होतं. एकट्या मे १९४३ मध्ये जर्मनीच्या चाळीसहून अधिक पाणबुड्या बुडाल्या, आणि उरलेल्यांना उत्तर अटलांटिकमधून मागे बोलावलं गेलं. अशा राखणदार नौका अमेरिकेनं हजारावर मागवल्या होत्या. पुऱ्या झाल्या ५६३. ५ सप्टेंबर १९४४ ला ‘ग्रोव्ह्ज’चंही काम रद्द झालं. सांगाडा भंगारात गेला.

आता पुढची तारीख ऐका. २५ ऑक्टोबर १९४४, म्हणजे अवघ्या सात आठवड्यांनी. फिलिपिन्समधल्या समार बेटाजवळ तिच्याच वर्गातली ‘सॅम्युएल बी. रॉबर्ट्स’ जपानच्या अजस्र युद्धनौकांवर चालून गेली आणि बुडाली. आज ती सुमारे ६,९०० मीटर खोल पाण्यात आहे. एकाच नकाशावरून निघालेल्या या दोन बहिणी. एकीच्या पोलादाचं पुढे काय झालं असेल, हा विचार माझ्या मनातून जात नाही.

नाव मात्र नौदलानं जपून ठेवलं. १९८२ मध्ये ‘स्टीफन डब्ल्यू. ग्रोव्ह्ज’ ही फ्रिगेट प्रकारची युद्धनौका नौदलात दाखल झाली. तिचा वर्गही ताफ्यांच्या राखणीसाठीच आखलेला. ती बांधली गेली बाथ गावच्या गोदीत, त्याच्याच मेन राज्यात. तीस वर्षं ती समुद्रावर होती.