हायड्रा जिवंत बघायचा असतो

(दृश्य: तळ्याचा काठ, पाण्यात घातलेला हात, ओल्या पाणवनस्पतींचा गुच्छ)

हे पुण्याजवळच्या एका गावाबाहेरचं तळं. फार मोठं नाही, एका बाजूला कमळं, दुसऱ्या बाजूला गुरं पाण्यावर येतात, आणि थंडीच्या दिवसात पाणी इतकं निवळ असतं की काठावरून तळाची पानं दिसतात. आपल्याला जे हवंय ते मात्र असं काठावरून दिसणार नाही. त्यासाठी पाण्यातली हायड्रिला नावाची वनस्पती, कमळाचं कुजायला लागलेलं पान, एखादी बुडालेली काडी, असं काहीबाही अलगद उचलायचं आणि तळ्याच्याच पाण्यासकट बरणीत सोडायचं. झटकायचं नाही, धुवायचं तर अजिबातच नाही, कारण आपला प्राणी त्या पानांच्या खालच्या अंगाला चिकटलेला असतो आणि पाण्याबाहेर आला की आकसून नुसता ठिपका होऊन बसतो, मग समोर असला तरी ओळखू येत नाही.

(दृश्य: खिडकीतली काचेची बरणी, रात्रीपासून सकाळपर्यंतचा टाइमलॅप्स)

बरणी घरी आणली की लगेच मायक्रोस्कोप काढायची घाई करू नका. उजेडाच्या खिडकीत ठेवा, थेट ऊन नको, आणि रात्रभर हलवू नका. आता हा टाइमलॅप्स बघा. सुरुवातीला काचेवर काहीच नाहीये, गाळ खाली बसतोय, दोन-चार गोगलगायी फिरतायत. सकाळ होते आणि खिडकीकडच्या काचेवर एक दिसतो, मग त्याच्या वर दुसरा, मग पाण्याच्या पृष्ठभागाला उलटा लटकलेला तिसरा. कपड्याचा उसवलेला दोरा काचेला चिकटलाय असं वाटतं, पांढरट-बदामी, सेंटिमीटरभरही नाही, आणि मोकळ्या टोकाला पाच-सहा फाटे. हाच हायड्रा. याला डोळे नाहीत, मेंदू नाही, शरीरभर पसरलेलं मज्जापेशींचं विरळ जाळं तेवढं आहे, आणि तरी उजेड कुठल्या बाजूला आहे हे त्याला कळतं.

(दृश्य: जुनी कोरीव चित्रं, बरण्या, शिक्षक आणि मुलं)

ही चित्रं 1744 साली छापलेल्या पुस्तकातली आहेत आणि यांच्यामागची गोष्ट सांगितल्याशिवाय पुढे जाववत नाही. 1740 साली हॉलंडमध्ये, हेग शहराजवळ, बेंटिंक नावाच्या सरदाराच्या घरी अब्राहम ट्रेंबली म्हणून एक शिक्षक होता, मूळचा जिनिव्हाचा, वय 30. सरदाराची दोन मुलं त्याच्याकडे शिकायला. त्या उन्हाळ्यात त्याने पाण्यातल्या वनस्पती आणून बरण्यांमध्ये ठेवल्या आणि त्यात त्याला असेच बारीक दोरे दिसले, फक्त ते हिरवे होते. हिरवा हायड्रा वेगळा असतो, त्याच्या पेशींच्या आत एकपेशीय शैवाल राहतं म्हणून तो हिरवा, पण हे ट्रेंबलीला कळायचं काही कारण नव्हतं. त्याला वाटलं वनस्पती आहे. मग तो बघत राहिला आणि त्याला हातपाय ताणल्यासारखी हालचाल दिसली, पाणी ढवळलं की हे आखडतात ते दिसलं, बरणी फिरवून ठेवली तर काही दिवसांनी सगळे परत उजेडाच्या बाजूला आलेले दिसले. त्याने बरणीभोवती पुठ्ठ्याचं आवरण घातलं आणि एकच फट ठेवली, तर सगळे त्या फटीपाशी गोळा झाले.

तरीही शंका राहिलीच. मग 25 नोव्हेंबर 1740 ला त्याने एक हायड्रा मधोमध कापला. विचार सरळ होता, झाडाची फांदी तोडून लावली तर जगते, प्राण्याचं तसं होत नाही, तेव्हा दोन्ही तुकडे वाढले तर ही वनस्पती समजायची. दोन्ही तुकडे वाढले. आणि वाढलेले ते दोघंही चालायला लागले, शिकार धरून खायला लागले! म्हणजे प्राणीच, आणि कापल्यावर एकाचे दोन होणारा प्राणी. त्याने जिवंत हायड्रा पॅरिसला रेओम्युर या त्या काळच्या मोठ्या निसर्गशास्त्रज्ञाकडे पाठवले, रेओम्युरने स्वतः कापले, स्वतः बघितले, आणि डोळ्यांनी बघूनसुद्धा त्याला विश्वास ठेवणं जड गेलं. 1743 मध्ये लंडनच्या रॉयल सोसायटीने ट्रेंबलीला कोप्ली पदक दिलं.

हे सगळं एका शिकवणीच्या घरात झालंय. एक शिक्षक, दोन मुलं, काही बरण्या आणि दांडीवर बसवलेलं एक भिंग. आमच्या दृष्टीने या गोष्टीतली सगळ्यात मोठी बाब हीच आहे. आज आपल्याकडे शाळेच्या पुस्तकात हायड्राचं मुकुलायन, म्हणजे अंगावर अंकुर फुटून नवा हायड्रा होणं, हे आहे, आकृती पाच मिनिटात काढून होते, नावं बरोबर दिली की मार्क मिळतात, आणि ज्याची आकृती काढली तो हलतो कसा, खातो कसा, हे बहुतेक मुलांनी कधी बघितलेलंच नसतं. कॉलेजातही बऱ्याचदा रंगवलेली कायमची स्लाइड, म्हणजे मेलेला हायड्रा. जिवंत हायड्रा तर एका तळ्याच्या अंतरावर असतो.

(दृश्य: ड्रॉपर, वॉचग्लास, मायक्रोस्कोपचं स्टेज)

आता मायक्रोस्कोप. हा कुठलाही भारी मायक्रोस्कोप नाहीये, शाळा-कॉलेजात असतो तो साधाच, आणि आपण लावलंय ते सगळ्यात कमी पॉवरचं 4 एक्सचं ऑब्जेक्टिव्ह. जास्त पॉवर लावली की हायड्रा त्या वर्तुळात मावतच नाही. काचेवरून त्याला काढायचं तर ड्रॉपरने आधी पाण्याचा हलका झोत मारायचा, पाय सुटला की ओढून घ्यायचं आणि लगेच सोडायचं, ड्रॉपरमध्ये जास्त वेळ राहिला तर तो आत चिकटतो आणि मग निघता निघत नाही. सोडायचा वॉचग्लासमध्ये, म्हणजे उथळ काचेच्या बशीत, किंवा मधे खड्डा असलेल्या स्लाइडवर, वर कव्हरस्लिप नको. खालचा उजेड कमी करा, डायफ्रॅम अर्ध्याहून जास्त बंद, कारण शरीर पारदर्शक आहे आणि फार उजेडात कडाच दिसत नाहीत. मोबाइल आयपीसला टेकवून धरला तरी व्हिडिओ येतो, आपला बराचसा व्हिडिओ तसाच घेतलाय.

आता थांबायचं. आत्ता तुम्हाला दिसतोय तो गोळा आहे, मिलिमीटरभराचाही नाही. त्याला धक्का बसलाय. टेबलाला हात लावू नका, काही मिनिटं जाऊ द्या.

(दृश्य: हायड्रा हळूहळू उलगडतो. संगीत नाही, निवेदन काही सेकंद थांबतं)

पूर्ण उलगडला. खालचं टोक, जे काचेला धरून बसलंय, तो पाय, त्यातून चिकट द्रव सुटतो. मधली नळी म्हणजे शरीर, आतून पोकळ. शरीराची भिंत फक्त दोन थरांची आहे, बाहेरचा आणि आतला, मधे जेलीचा पातळ पडदा, आणि फोकस थोडा वरखाली केला की या दोन थरांमधली रेघ दिसते, ती नक्की शोधा. वरचं शंकूसारखं टोक म्हणजे तोंडाची जागा, आणि त्याच्याभोवती शुंडकं, म्हणजे मघाचे ते फाटे. शुंडकांवर हे जे उंचवटे दिसतात, गाठी गाठी, तिथे दंशपेशी भरलेल्या आहेत.

आणि हे बघा, शुंडकावरून काहीतरी पळत गेलं. परत आलं. हा केरोना, एकपेशीय जीव, हायड्राच्या अंगावरच वावरतो. ज्या दंशपेशींमुळे शिकार मरते त्यांच्यावरून हा खुशाल धावतो. असलं काही आकृतीत कधी येत नाही, सापडलं ते केवळ बघत बसल्यामुळे.

मधूनच हायड्रा आपणहून आखडतो, कोणी हात लावलेला नसताना, आणि परत लांब होतो. हे त्याचं दिवसभर चाललेलं असतं.

(दृश्य: डॅफ्निया पाण्यात उड्या मारत येते आणि शुंडकाला लागते)

ही डॅफ्निया, त्याच तळ्यातली, पाण्यातली पिसू म्हणतात तिला. ती उड्या मारत येते, शुंडकाला नुसती लागते आणि तिथेच थांबते. आता हाच शॉट हळू करून परत बघू. लागली, आणि जागच्या जागी अडकली. त्या क्षणी दंशपेशींच्या आतल्या कुप्या फुटून गुंडाळलेले धागे बाहेर सुटलेत. काही धागे डॅफ्नियाच्या केसांना वेटोळे घालून धरतात, काही कवच फोडून आत विष सोडतात. हा स्फोट 700 नॅनोसेकंदात होतो, म्हणजे सेकंदाचा दहा लाखावा भागसुद्धा पूर्ण लागत नाही, त्यामुळे आपला कॅमेरा कितीही हळू केला तरी तो यात दिसणार नाही, दिसतो तो त्याचा परिणाम. एकदा फुटलेली कुपी परत वापरता येत नाही. शरीरात नव्या दंशपेशी सतत तयार होतात आणि शुंडकांवर जाऊन बसतात.

आता बाकीची शुंडकं वळतायत. जखमी डॅफ्नियाच्या अंगातून ग्लुटाथायोन नावाचं द्रव्य पाण्यात उतरतं आणि त्याने हायड्राला खायचा इशारा मिळतो, हे लूमिस या संशोधकाने 1955 मध्ये दाखवलं. आणि आता तोंडाकडे लक्ष ठेवा. बंद असताना तिथे भोकच नसतं, सलग कातडी असते. खायच्या वेळी त्या पेशी ताणल्या जातात, भोक तयार होतं, आणि खाऊन झालं की परत सगळं मिटून सलग होतं. दर जेवणाला हेच. पेशी ताणून तोंड कसं उघडतं हे कॅलिफोर्नियात सॅन दिएगोच्या संशोधकांनी 2016 मध्ये मोजून दाखवलं, आपल्याकडे ते एका साध्या मायक्रोस्कोपखाली चाललंय. डॅफ्निया आत गेली. शरीर फुगलंय, आत डॅफ्नियाचा काळा डोळा अजून दिसतोय बाहेरून. पचलं की उरलेलं कवच याच तोंडातून बाहेर टाकलं जातं, दुसरी वाटच नाही.

(दृश्य: केशरी रंगाचा हायड्रा, बाजूला अंकुर)

हा दुसरा हायड्रा. याला आर्टेमिया या खाऱ्या पाण्यातल्या कोळंबीसारख्या बारीक प्राण्याची पिल्लं घातलीत, मत्स्यालयाच्या दुकानात अंडी मिळतात, मिठाच्या पाण्यात उबवायची आणि घालायच्या आधी गोड्या पाण्यात नीट धुवायची. ती केशरी असतात म्हणून हायड्राही केशरी झालाय. शरीराच्या खालच्या भागात हा फुगवटा दिसतोय तो अंकुर. दुसऱ्या दिवशी तो लांब झालाय आणि टोकाला शुंडकांचे कोंब आलेत. आणि आता नीट बघा, अंकुराने स्वतः अजून काही खाल्लेलं नाही तरी तो आतून केशरी आहे, कारण आईची पोकळी आणि त्याची पोकळी एकच आहे, आईने खाल्लेलं सरळ त्याच्यात जातं. पुढे त्याच्या बुडाशी जागा अरुंद होत जाते, पाय तयार होतो, आणि तो सुटतो. भरपूर खायला मिळालं तर हे सगळं तीन-चार दिवसात. शाळेतल्या मुलांनी रोज मधल्या सुट्टीत येऊन बघावं आणि वहीत वेळ लिहून चित्र काढावं, एवढ्या बेताचा हा वेळ आहे. आकृती तेव्हा काढावी.

(दृश्य: शाळेतली मुलं आळीपाळीने आयपीसला डोळा लावतात. निवेदन नाही)

(दृश्य: ब्लेड, हायड्राचे दोन तुकडे, पुढच्या दिवसांचे शॉट)

ट्रेंबलीने केलं ते आपणही केलं. ब्लेड मोठ्या माणसाने धरायचं, मुलांनी नाही. वरचा तुकडा शुंडकांसकट, खालचा पायासकट. काही तासात दोन्ही जखमा मिटल्या. दुसऱ्या दिवशी वरच्या तुकड्याने काच धरलीये, आणि खालचा अजून बुटका आहे पण त्याच्या वरच्या कडेवर, बघा, बारीक उंचवटे. ते शुंडकांचे कोंब. मग लांब होतात, आणि तिसऱ्या दिवशी त्याने आर्टेमिया धरला. डोकं वरच्याच बाजूला आलं, पायाच्या बाजूला नाही. वर कुठलं आणि खाली कुठलं हे त्या तुकड्याला कसं कळलं, यावर जगभरच्या लॅब काम करतात, आणि त्यातली एक पुण्यातली आघारकर संशोधन संस्था. तिथे अनेक वर्षं हायड्रावर काम चालू आहे, आणि भारतात सापडणाऱ्या साध्या हायड्राचं शास्त्रशुद्ध वर्णन तिथल्या सुरेंद्र घासकडबी यांच्या गटाने 2011 मध्ये छापलं, त्या वाणाच्या नावातच पुणे आहे. म्हणजे हा परदेशातल्या पुस्तकातला प्राणी नाही, इथला आहे.

हायड्राच्या पेशी सतत नव्या होत असतात, जुन्या शुंडकांच्या टोकाला आणि पायाला ढकलल्या जाऊन गळून पडतात, साधारण 20 दिवसात सगळं अंग बदललेलं असतं. अमेरिकेत मार्टिनेझ या संशोधकाने चार वर्षं हायड्रा सांभाळले आणि 1998 मध्ये लिहिलं की म्हातारपणाची खूण दिसत नाही. दूषित पाण्यात मात्र याची शुंडकं आखूड होतात, मग शरीर विरघळतं, आणि गावोगावची तळी बुजवली जातायत ते वेगळंच.

(दृश्य: टेबलावर मांडलेलं साहित्य, मग परत तळं)

घरी किंवा शाळेत ठेवायचं तर एवढं सांभाळा. नळाचं पाणी नको, क्लोरीनने मरतात, तळ्याचंच पाणी गाळून वापरा. तांब्याच्या भांड्यात अजिबात ठेवू नका, तांबं त्यांना फार वाईट, काच उत्तम. दिवसाआड खायला आणि खाऊन झाल्यावर पाणी बदलायचं, नाहीतर उरलेलं कुजतं. उन्हाळ्यात खोली तापली की टिकत नाहीत, तेव्हा हा प्रकल्प दिवाळीनंतर धरा आणि होळीच्या आत आटपा. बघून झालं की त्याच तळ्यात सोडा, दुसऱ्या नाही, आणि ज्या पानांवरून आणले ती पानंही परत टाका, त्यावर तुमच्या नजरेतून सुटलेले आणखी असतील.