सरकता पट्टा

श्रोतेहो, नमस्कार.

एका नभोनाट्यासाठी मी एक मुलूख कल्पिला आहे. नकाशावर तो सापडायचा नाही, कारण तो एका जागी ठरतच नाही. सकाळी खानापूरच्या जंगलाच्या कडेला असेल, दुपारी बेळगावच्या बाजारपेठेत, तर दिवेलागणीला निपाणीत तंबाखूच्या वखारींमागे. मी त्याला सरकता पट्टा म्हणते. त्यात पाऊल पडलं की त्या जागी पूर्वी उमटलेले आवाज आजच्या आवाजांत मिसळून कानावर येतात. जुनं काही दिसत नाही, नुसतं ऐकू येतं.

हा पट्टा मी आपल्याच सीमाभागात का आणला? इथे त्याची निम्मी तयारी आधीच झालेली आहे, म्हणून.

आवाजाला एक किलोमीटर जायला साधारण तीन सेकंद लागतात. वळवाच्या दिवसांत आपण वीज पाहतो, मनात आकडे मोजतो आणि गडगडाट आला की म्हणतो, लांब पडली. म्हणजे जे ऐकतो ते घडून गेलेलं असतं. राजहंसगडावर उभा असलेला माणूस आणि खाली येळ्ळूरच्या शिवारातला माणूस तोच गडगडाट वेगवेगळ्या क्षणी ऐकतात. थंडीत तर पहाटे लांबच्या आगगाडीची शिट्टी अगदी परसात वाजल्यासारखी येते. जमिनीलगतची हवा गार आणि वरची उबदार असली की वर निघालेला आवाज वाकून पुन्हा खाली येतो. दिवसा तीच शिट्टी वरच्या वर निघून जाते.

वेळेचंही तसंच. घड्याळात बारा वाजतात तेव्हा बेळगावचा सूर्य माथ्यावर आलेला नसतो. भारतीय प्रमाणवेळ 82.5 अंश रेखांशावर बांधलेली आहे आणि आपण 74.5 अंशांच्या आसपास राहतो. एका अंशाला चार मिनिटं धरली तर आपण 32 मिनिटं मागे. ही प्रमाणवेळ 1906 साली आली. तेव्हापासून आपण घड्याळाच्या दुपारी जेवतो आणि सूर्याची दुपार त्यानंतर होते. माझ्या पट्ट्याची रुंदी मी या 32 मिनिटांएवढी धरली आहे. त्या फटीतून जुने आवाज आत येतात.

आता बेळगावच्या टिळकवाडीत चला. डिसेंबर 1924 मध्ये इथे काँग्रेसचं अधिवेशन भरलं. महात्मा गांधींनी अध्यक्षपद भूषवलेलं हे एकमेव अधिवेशन. पाण्यासाठी खास विहीर खोदली होती. काँग्रेस विहीर म्हणून ती आजही आहे. त्या अधिवेशनात अकरा वर्षांच्या एका मुलीनं कन्नडमधून स्वागतगीत म्हटलं. ती मुलगी म्हणजे गंगूबाई हनगल. आणि त्याच वर्षी एप्रिलमध्ये जवळच्या सुळेभावीत कुमार गंधर्वांचा जन्म झाला होता. नाटकात पट्टा विहिरीवरून सरकतो तेव्हा माझ्या नायिकेला दोन आवाज एकदम ऐकू येतात: मांडवातल्या मुलीचा चढता सूर आणि आठ महिन्यांच्या तान्ह्या बाळाचं रडणं. हे लिहिताना माझ्या अंगावर काटा आला. एकीचा गळा तयार होतोय, दुसऱ्याला अजून शब्दही फुटलेला नाही, आणि आपल्याला मात्र दोघांचं पुढचं सगळं गाणं माहीत आहे.

पट्ट्याची भाषा कोणती, असं मला तालमीत विचारलं गेलं. उत्तरासाठी मी बाजारात गेले. भाजीवाल्या मावशी एका गिऱ्हाइकाला म्हणत होत्या, "इप्पत्त रुपाई," आणि त्याच श्वासात मला, "वीसच की वो ताई, घ्या." हात तराजूवरून हलला नाही, नजर मिरच्यांवरून ढळली नाही. मी तो प्रसंग नाटकात जसाच्या तसा घेतला. आपल्याकडे भाषेवरून फार दुखावलेली मनं आहेत, दोन्ही बाजूंना. मराठी शाळेत शिकलेल्या माझ्यासारखीला ते दुखणं ठाऊक आहे. पण पट्ट्यात एक आवाज दुसऱ्याला दाबू शकत नाही, हा नियम मी मुद्दाम केला आणि तो बदलायला मी तयार नाही.

दुसरा नियम जास्त कडक आहे. ज्या आवाजाकडे निदान एका माणसानं कान देऊन ऐकलं, तोच पट्ट्यात उरतो. बाकीचे जातात.

या नियमामुळेच मी बेळगावातल्या वडगाव-शहापूरच्या विणकरांच्या मागांपाशी अडले. नाटकात खड्डा मागाचा, म्हणजे खड्ड्यात पाय सोडून चालवायच्या हातमागाचा, आवाज हवा होता. एका आजोबांनी तोंडानं करून दाखवला: पायाखालची पट्टी दाबली की बारीकशी कुरकुर, आडवा धागा नेणारा धोटा सर्रकन इकडून तिकडे, मग फणीचा ठोका. ठोक्यानंतर किंचित थांबायचं. "त्या थांबण्यात धागा बघायचा असतो बाळ," ते म्हणाले, "तुटलाय काय ते." यंत्रमागाच्या खडखडाटात हे थांबणं नाही. मी ते कधी ऐकलंच नव्हतं. आजोबांनी थांबून दाखवलं नसतं तर माझ्या नाटकात मागाचा नुसता ताल आला असता, विणकर आला नसता.

म्हणून आज तुमच्याकडे एक मागणं आहे. घरात, गल्लीत कुणी हातमागावर बसलेलं असेल, मोटेवर गाणी म्हणणारं असेल, बिड्या वळताना म्हणायच्या ओव्या कुणा मावशींना येत असतील, तर मोबाईलवर त्यांचा आवाज धरून ठेवा. आधी त्यांना विचारा. सुरुवातीला गावाचं नाव आणि तारीख बोला. मग त्यांना त्यांच्या चालीनं म्हणू द्या, कन्नडमध्ये म्हटलं तर कन्नडमध्ये. मधे बोलू नका. आणि ते थांबले म्हणून लगेच बंदचं बटण दाबू नका.

नमस्कार.