पोटाखालून थेट गुडघ्यावर

(सोलापूरच्या पूर्व भागात विडी कामगार महिलांसमोर दिलेलं व्याख्यान, संपादित)

सुपं घेऊनच आलात ते बरं केलंत. हात चालू राहू द्या, मला फक्त कान हवेत.

लेकराला आपण डोळे, नाक, कान शिकवतो आणि पोटाखालून थेट गुडघ्यावर उतरतो. मधल्या अवयवांना घरात नाव नसतं. असलंच तर शिवीतलं. आपल्याकडे घरात तेलुगू, शाळेत मराठी, गल्लीत कन्नड नाहीतर हिंदी. एवढ्या भाषा कानावर पडतात, पण नको तिथे कुणी हात लावला तर सांगायला पोराकडे एक शब्द नाही. मग ते म्हणतं, पोट दुखतंय. म्हणतं, मी त्यांच्याकडे नाही जाणार. आणि आपण म्हणतो, नाटकं करू नको, मला कारखान्यात विड्या द्यायला जायचंय.

तुम्हाला बोल लावत नाही. पोट भरायचं तर पोर कुणाच्या तरी भरवशावर सोडावंच लागतं. दोष भरवसा मोडणाऱ्याचा.

गड्ड्याच्या जत्रेतल्या गर्दीत आपण पोराचा हात घट्ट धरतो. धरावाच. पण केंद्र सरकारने २००७ साली अहवाल काढला, १३ राज्यांतल्या १२,४४७ मुलांशी बोलून. त्यातल्या ५३ टक्के मुलांनी कुठला ना कुठला लैंगिक त्रास झाल्याचं सांगितलं. त्यात मुलगे मुलींपेक्षा थोडे जास्तच होते! आणि त्रास देणारे निम्मे जण ओळखीतले, विश्वासातले.

मी शाळेत शिकवायचे तेव्हा वर्गातला एक हुशार मुलगा अचानक गप्प झाला. मी प्रगतिपुस्तकावर ‘अभ्यासात लक्ष नाही’ असा शेरा मारला. पुढे तो लूमवर कामाला लागला, एकदा घरी आला आणि सगळं बोलला. माझ्या तोंडून काय निघावं? ‘अरे, आधी का नाही सांगितलंस?’ तो गप्प झाला, मग माझ्या गुडघेदुखीची चौकशी करून निघून गेला.

तर हा प्रश्न नको. ‘तू तिथे गेलीसच कशाला?’ हाही नको. ‘सांगितलंस ते बरं केलंस, तुझी काही चूक नाही,’ एवढंच म्हणा. ‘कुणाला सांगणार नाही’ असं वचन मात्र देऊ नका, ते पाळता येणार नाही. मावशीसमोर, आत्यासमोर पोराला तेच तेच वदवून घेऊ नका.

पोलिसांचं नाव काढलं की आपल्याकडे ‘घरातल्या घरात मिटवू, पोरीचं लग्न व्हायचंय’ सुरू होतं. मुलांवरचे लैंगिक अत्याचार रोखण्यासाठीच्या २०१२ च्या पोक्सो कायद्यात हे मिटवणं बसत नाही. मोठ्या माणसाने कळूनही कळवलं नाही तर सहा महिन्यांपर्यंत कैद होऊ शकते, संस्थेच्या प्रमुखाला वर्षापर्यंत. पोराला ठाण्यात न्यायची गरज नाही. जबाब घरी घेता येतो, शक्यतो महिला अधिकाऱ्याने, आणि तोही गणवेश न घालता. मुलीची तपासणी महिला डॉक्टरनेच करायची. उपचार फुकट, खासगी दवाखान्यातसुद्धा. पोराचं नाव, फोटो कुणालाही छापता येत नाही. ‘पेपरात येईल’ ही भीती तेवढी मनातून काढा.

१०९८. हा मुलांच्या मदतीचा फोन नंबर. पैसे लागत नाहीत, रात्री-बेरात्रीही लागतो. विड्यांची नोंद होते त्या पुस्तकाच्या मागच्या पानावर लिहून ठेवा. ज्यांना लिहिता येत नाही त्यांनी पुस्तक इकडे द्या, मी लिहिते.