थराथराने दिसणारी इमारत

[दृश्य: मोकळं मैदान, त्यावर मनोऱ्याची अर्धपारदर्शक आकृती]

या मैदानावर अजून एकही ब्लॉक ठेवलेला नाही. समोर दिसतोय तो नुसता आराखडा. माइनक्राफ्ट या ब्लॉक रचायच्या गेमच्या जावा आवृत्तीत लाइटमॅटिका हे मॉड, म्हणजे गेमला जोडायचा पूरक प्रोग्रॅम, तो खऱ्या मापात हवेत उभा करतं. मॉड ज्याच्या संगणकावर असेल, त्यालाच तो दिसतो. त्याच सर्व्हरवर शेजारी उभ्या असलेल्या खेळाडूला इथे फक्त गवत दिसतं.

आराखड्याची फाइल गेमच्या ‘स्केमॅटिक्स’ फोल्डरमध्ये ठेवायची आणि ‘एम’ दाबून मेनूतून लोड करायची. फाइल जुनी असेल तर मात्र आधी आवृत्ती बघा. 2018 साली गेमची 1.13 आवृत्ती आली, त्याआधी ब्लॉकची ओळख आकड्यांनी ठेवली जायची: दगड 1 क्रमांकाचा आणि त्याच क्रमांकाखाली ग्रॅनाइट, अँडेसाइट असे उपप्रकार. आता प्रत्येकाला स्वतःचं नाव आहे. या रूपांतरात गल्लत झाली की भिंतीत भलतेच ब्लॉक येतात.

जागा पक्की झाली की आराखडा लॉक करा. माउसचं चाक चुकून फिरलं आणि आकृती एका ब्लॉकने सरकली, तर ते बहुधा दहा-बारा थर चढल्यावरच लक्षात येतं.

[दृश्य: मनोरा नाहीसा होतो, तळाचा एकच थर उरतो]

या साधनाची खरी ताकद इथे आहे. पूर्ण आकृतीत बाहेरच्या भिंती आतलं सगळं झाकतात. एकच थर दाखवायची पद्धत निवडली की ‘पेज अप’ आणि ‘पेज डाउन’ने एकेक मजला उलगडत जातो. आडव्या थरांवर थांबू नका. अक्ष बदलून उभा छेद घ्या. उतरत्या छपराची वळणं आणि जिन्याखालची पोकळी त्यातच नीट कळते.

सामानाची यादी ‘एम’ आणि ‘एल’ एकत्र दाबल्यावर उघडते. तिच्यात एकूण किती लागेल, किती कमी आहे आणि जवळ किती आहे, हे दिसतं. 64 च्या गड्ड्यांचा हिशेब धरला तर मोठ्या पेटीत 54 गड्ड्या, म्हणजे 3456 ब्लॉक मावतात. पेट्या किती लागतील, ते बांधकामाआधीच काढता येतं.

[दृश्य: अर्धवट छप्पर, काही ब्लॉकभोवती नारिंगी चौकटी]

शेवटी पडताळणी. राहून गेलेले ब्लॉक फिकट निळे, जास्तीचे गुलाबी-जांभळे, चुकीचे लाल. नारिंगी रंग सर्वांत जास्त चकवतो: ब्लॉक बरोबर, पण त्याची स्थिती चुकलेली. पायरी उलटी बसली असेल, ओंडका आडवा पडला असेल किंवा ब्लॉकमध्ये पाणी शिरलं असेल. छपराच्या कोपऱ्यातली पायरी मात्र लगेच फोडू नका. तिचा आकार शेजारच्या पायऱ्यांवर ठरतो, त्या बसेपर्यंत ती नारिंगीच दिसेल.

मोठ्या इमारतीची पडताळणी एका जागी उभं राहून पूर्ण होत नाही. 16 बाय 16 ब्लॉकचे जे चंक लोड झाले असतील, तेवढेच तपासले जातात. त्यामुळे पडताळणी सुरू ठेवून बांधकामाभोवती पूर्ण फेरी मारावी लागते.