नसलेला हात दुखतो तरी कसा? डॉ. रामचंद्रन आणि एक साधा आरसा

नमस्कार मंडळी! आज व्ही. एस. रामचंद्रन. चेन्नईत डॉक्टर झाले, केंब्रिजला पीएचडी केली, मग कॅलिफोर्नियात सॅन डिएगोला युनिव्हर्सिटीत शिकवलं, आणि २००३ साली बीबीसी रेडिओवरची रीथ लेक्चर्स त्यांनीच दिली. मेंदूचं विज्ञान सोपं करून सांगणारे बरेच आहेत, पण यांचे प्रयोगच इतके साधे की ऐकणाऱ्याला सगळं डोळ्यासमोर दिसतं.

आता बघा, हात किंवा पाय कापावा लागला तरी बहुतेकांना तो अजून आहे असंच वाटत राहतं, याला फँटम लिंब म्हणतात. कितीतरी जणांना तिथे भयंकर दुखतं पण, आणि हे दुखणं खरं असतं हां, मनाचे खेळ म्हणून सोडून देऊ नका प्लीज.

रामचंद्रननी काय केलं, हात गमावलेल्या एका तरुणाच्या डोळ्यांवर पट्टी बांधली आणि त्याच्या गालावर कान साफ करायचा कापसाचा इअरबड फिरवला, तर तो म्हणतो तुम्ही माझ्या गालाला हात लावताय आणि माझ्या अंगठ्यालापण! जो अंगठा नाहीच! त्यांचं म्हणणं असं की मेंदूत शरीराचा एक नकाशा असतो, त्यात हाताचा भाग आणि चेहऱ्याचा भाग शेजारी शेजारी, हाताकडून सिग्नल यायचे बंद झाले की शेजारचा चेहरा तिथे हातपाय पसरतो.

आणि आरशाची गोष्ट तर मला सगळ्यात भारी वाटते. काहींना वाटायचं की नसलेल्या हाताची मूठ घट्ट आवळली गेलीय, नखं तळव्यात रुततायत, आणि ती उघडताच येत नाही. १९९० च्या दशकात त्यांनी खोक्यात एक आरसा उभा ठेवला, चांगला हात असा ठेवायचा की त्याचं प्रतिबिंब बरोब्बर नसलेल्या हाताच्या जागी दिसेल, आणि मग दोन्ही मुठी उघडतोय असं करायचं. मेंदूने हुकूम सोडला आणि डोळ्यांनी सांगितलं हो हो उघडली, की काही जणांची ती मूठ खरंच सुटायची, कळ थांबायची. ऑपरेशन नाही, गोळी नाही.

आता हेही सांगायला हवं की आरशाचा उपयोग सगळ्यांना होत नाही, नंतरच्या अभ्यासांचे निकाल संमिश्र आहेत. आणि नकाशाच्या थिअरीलाही धक्का बसलाय, २०१३ मध्ये मेंदूवर संशोधन करणाऱ्या तमार मेकिन आणि त्यांच्या टीमने स्कॅन करून दाखवलं की हात गेल्यावरही मेंदूतला हाताचा भाग बराचसा शाबूत असतो, आणि फँटमचं दुखणं जास्त तर तो भाग उलट जास्त सक्रिय! म्हणजे प्रश्न अजून सुटलेला नाही, पण इतक्या लोकांना तो विचारावासा वाटला यात रामचंद्रन यांचा मोठा वाटा आहे असं मला मनापासून वाटतं.

आपल्याकडे शुगरमुळे पाय कापावा लागलेली माणसं कितीतरी घरांत आहेत. तुमच्या घरी कोणी म्हणत असेल की नसलेला पाय ठणकतोय, तर त्यांचं नीट ऐकून घ्या, आणि डॉक्टरांना, फिजिओथेरपिस्टना मिरर थेरपीबद्दल नक्की विचारा.