खात्यात पैसे नाहीत, खिशात कार्ड नाही

(अमेरिकेत नव्याने शिकायला आलेल्या मराठी मुलामुलींसमोर झालेल्या व्याख्यानाचं संपादित शब्दांकन)

नमस्कार. मला जेवणाच्या आधीची वेळ दिली आहे. म्हणजे मी लांबण लावली तर तुम्हीच उठून जाल, अशी आयोजकांनी सोय करून ठेवली आहे.

मी इथल्या एका क्रेडिट युनियनमध्ये, म्हणजे आपल्या सहकारी पतसंस्थेसारख्या संस्थेत, नोकरी करतो. दर ऑगस्ट-सप्टेंबरात, तुमच्यासारखी मुलं आली की, काउंटरवर एक प्रश्न हमखास येतो. पगार शुक्रवारी आहे, खात्यात अठरा डॉलर उरलेत, कार्ड अजून पोस्टात अडकलंय. ॲपवर तर लिहिलंय की खातं वजा झालं तरी फी न घेता आम्ही सांभाळून घेऊ. मग सकाळी पैसे का गेले नाहीत?

उत्तर एका वाक्यात देता येतं. कार्ड एकदा चालू झालेलं असेल तर ते हातात आहे की नाही हे फारसं महत्त्वाचं नसतं, पैसे खात्यातून कुठल्या वाटेनं बाहेर पडले ते महत्त्वाचं असतं. पण ते पटायचं तर आधी इथल्या बँकांची जुनी खोड माहीत हवी.

खात्यात आहे त्यापेक्षा जास्त पैसे काढू देणं म्हणजे ओव्हरड्राफ्ट. आपल्याकडे दुकानदाराला, कारखानदाराला ही सोय माहीत असते. तो आधी मंजूर करून घेतो आणि वापरेल तेवढ्यावर व्याज भरतो. जनधन खात्यावरही १०,००० रुपयांपर्यंत ओव्हरड्राफ्ट मिळू शकतो. अमेरिकेत साध्या चेकिंग खात्यावर, म्हणजे रोजच्या व्यवहाराच्या खात्यावर, व्याजाऐवजी ठोक फी लावायची पद्धत पडली. बऱ्याच बँकांत ती एका वेळेला ३५ डॉलरच्या आसपास असायची. चार डॉलरची कॉफी घेतली आणि खातं एका डॉलरनं वजा झालं, तरी ३५. एका दिवसात असे तीन व्यवहार झाले की शंभरी पार.

त्यातही चलाखी चालायची. दिवसभरातले व्यवहार ज्या क्रमानं झाले त्या क्रमानं न लावता काही बँका मोठी रक्कम आधी वजा करायच्या. त्यामुळे खातं लवकर रिकामं व्हायचं आणि मागे राहिलेल्या प्रत्येक किरकोळ खरेदीवर वेगळी फी लागायची. कॅलिफोर्नियातल्या एका खटल्यात २०१० साली न्यायाधीश विल्यम अल्सप यांनी वेल्स फार्गोला याच कारणासाठी २० कोटी ३० लाख डॉलर ग्राहकांना परत करायला सांगितले. टीसीएफ नावाच्या बँकेच्या प्रमुखानं तर स्वतःच्या बोटीचं नावच 'ओव्हरड्राफ्ट' ठेवलं होतं. बोट कोणाच्या पैशावर तरंगत होती ते मी वेगळं सांगायला नको.

२०१० सालीच एक नियम लागू झाला. एटीएममधून काढलेली रोकड आणि डेबिट कार्डावरची एकवेळची खरेदी, या दोन्हींवर बँकेला ग्राहकाची आधी संमती घेतल्याशिवाय ओव्हरड्राफ्ट फी लावता येत नाही. या नियमात काय नाही तेही ऐका. चेक नाही, खात्यातून परस्पर वळते होणारे एसीएच व्यवहार नाहीत, दर महिन्याला कार्डावरून आपोआप कापली जाणारी वर्गणी नाही. तिथे तुमची संमती न विचारता फी लागू शकते. खातं उघडताना समोरचा माणूस गोड आवाजात विचारतो, "ओव्हरड्राफ्ट कव्हरेज हवंय ना?" आणि आपण भिडेखातर हो म्हणतो. पुढच्या वेळी विचारा, फी किती? आकडा ऐकूनच मान हलवा, उभी किंवा आडवी.

पुढे हवा बदलली. ॲलाय बँकेनं २०२१ साली ही फी काढून टाकली. २०२२ मध्ये कॅपिटल वन आणि सिटी या बँकांनीही काढली, आणि बँक ऑफ अमेरिकानं ३५ वरून १० डॉलरवर आणली. चेस बँकेत दिवसअखेर खातं ५० डॉलर किंवा त्याहून कमी रकमेनं वजा असेल तर फी लागत नाही. मोठ्या बँकांची फी ५ डॉलरवर आणणारा एक सरकारी नियम डिसेंबर २०२४ मध्ये जाहीर झाला होता. पण तो लागू होण्याआधीच संसदेनं रद्द केला आणि मे २०२५ मध्ये राष्ट्राध्यक्षांनी त्या ठरावावर सही केली. म्हणजे फी न घेणं ही आजही त्या त्या बँकेची मर्जी आहे. ती तुमचा हक्क झालेली नाही.

आता तुमच्या फोनमधल्या ॲपकडे येतो. उदाहरणाला चाइम या ॲपची स्पॉटमी नावाची, खातं वजा जाऊ देणारी सोय घेतो, कारण निम्म्या हातांत तेच ॲप दिसतंय. चाइम स्वतः बँक नाही, ती तंत्रज्ञान कंपनी आहे. खाती तिच्या भागीदार बँकांत असतात. खातं वजा गेलं तरी ती फी घेत नाही, व्याजही नाही. किती वजा जाता येईल याची मर्यादा २० डॉलरपासून सुरू होते आणि वापर, पगाराचा इतिहास वगैरे बघून २०० पर्यंत वाढू शकते. पुढचा पगार जमा झाला की वजा असलेली रक्कम आधी वळती होते. आपल्याकडे पगारावर उचल घेतात ना, तसंच आहे हे. पैसा तुमचाच असतो, फक्त शुक्रवारचा बुधवारी मिळतो. शेवटी ॲप टिप मागतं. ती ऐच्छिक आहे. वीस डॉलरची उचल दोन दिवसांसाठी घेतली आणि दोन डॉलर टिप ठेवली, तर वार्षिक व्याजाच्या हिशेबात तो दर किती होतो ते आज रात्री कॅल्क्युलेटरवर करून बघा. इथे बरीच इंजिनियर मंडळी आहेत, जमेल.

यात अटी आहेत, आणि त्या नेमक्या वाचायला हव्यात. गेल्या ३४ दिवसांत किमान २०० डॉलर डायरेक्ट डिपॉझिटनं जमा झालेले हवेत. माझ्या मते ३४ हा आकडा महिन्यातून एकदाच पगार मिळणाऱ्यालाही चार दिवसांची सवड मिळावी म्हणून असावा. पण डायरेक्ट डिपॉझिट म्हणजे मालकानं किंवा पगार वाटणाऱ्या कंपनीनं थेट पाठवलेला पगार किंवा सरकारी लाभ. बाबांनी पाठवलेले पैसे धरत नाहीत. रूममेटनं परत केलेले, तुमच्याच दुसऱ्या बँकेतून वळवलेले, काउंटरवर भरलेली रोकड, फोटो काढून जमा केलेला चेक, हे काहीही धरत नाहीत. कॅम्पसवर आठवड्याला २० तास, ताशी १५ डॉलरनं काम केलंत तर दोन आठवड्यांचे ६०० होतात आणि अट आरामात पुरी होते. मात्र ते काम मिळेपर्यंत, सोशल सिक्युरिटी नंबर येईपर्यंत, या सोयीवर विसंबू नका. नेमकी ज्या महिन्यात तिची सगळ्यात जास्त गरज असते त्याच महिन्यात ती मिळत नाही, ही गंमत मला कधीच आवडलेली नाही.

दुसरी अट कार्डाची. प्रत्यक्ष कार्ड तुमच्या नावे निघालेलं आणि चालू केलेलं हवं. इथेच गोंधळ होतो. अट कार्ड एकदा चालू करण्याची आहे, रोज खिशात बाळगण्याची नाही. कार्ड पोस्टात असताना ॲप तात्पुरतं डिजिटल कार्ड देतं, त्यावर खात्यातले पैसे खर्च करता येतात. पण उचलीसाठी पाकीट येऊन त्यातलं कार्ड चालू करावं लागतं. कंपनीनं असं का ठरवलं असावं? माझा अंदाज असा की पत्त्यावर आलेलं पाकीट ज्याच्या हातात पडतं तो माणूस खरा असण्याची शक्यता जास्त. पैसे आधी देऊन नंतर वसूल करायचे असतील तर एवढी सावधगिरी मी तरी घेतली असती.

एकदा कार्ड चालू झालं की ते कपाटात ठेवा, लग्नाच्या अल्बममध्ये ठेवा, काही फरक पडत नाही. ॲपल पे किंवा गुगल पेमध्ये ते घातलंत की फोनकडे मूळ क्रमांकाऐवजी वेगळाच पर्यायी क्रमांक जातो. दुकानातल्या यंत्राला तुम्ही फोन लावलात की व्हिसा या कार्ड कंपनीचं जाळं तो क्रमांक ओळखतं, मूळ कार्डाशी जोडतं आणि बँकेला विचारतं. बँकेच्या लेखी ती सरळसरळ डेबिट कार्डाची खरेदी असते. प्लॅस्टिक घासलं, फोन टेकवला की वेबसाइटवर आकडे टाइप केले, उचल लागू पडते. एटीएमवर चार वक्र रेघांची ती खूण असेल तर फोन टेकवून, पिन घालून रोकडही काढता येते, आणि स्पॉटमी रोकडीलाही लागू आहे. चाइमच्या एटीएमच्या जाळ्याबाहेरचं मशीन असेल तर त्याची फी मात्र वेगळी.

आणि कुठे लागू पडत नाही? खाते क्रमांक आणि राउटिंग नंबर (बँक ओळखण्याचा क्रमांक) देऊन कापलं जाणारं वीजबिल. मित्राला ॲपमधून पाठवलेले पैसे. चेक. हे सगळं एसीएचच्या किंवा खात्यातून खात्यात जाणाऱ्या वाटेनं जातं, कार्डाच्या जाळ्यातून जातच नाही. तिथे फी लागत नसली तरी पैसेही जात नाहीत. वीज कंपनीला पैसे परत फिरले की ती स्वतःचा दंड लावते, तो वेगळा.

आपली मुलं इथे हमखास फसतात, आणि त्यात त्यांचा दोष नाही. आपण यूपीआयवर वाढलो. भाजीवाली असो की घरमालक, क्यूआर तोच, पिन तोच, पैसे खात्यातून सरळ समोरच्याच्या खात्यात. २०२२ पासून तर डेबिट कार्ड नसतानाही आधारवरून यूपीआय पिन लावता येतो. ओव्हरड्राफ्टचं खातंसुद्धा यूपीआयला जोडता येतं. त्यामुळे 'खात्यातून पैसे गेले' एवढंच आपल्या डोक्यात असतं. इथे त्याच खात्याला दोन दरवाजे आहेत आणि उचलीचा राखणदार एकाच दरवाज्यावर उभा आहे.

पेट्रोल पंपाची गोष्ट सांगतो, कारण तक्रारी तिथूनच फार येतात. खात्यात अठरा डॉलर आहेत, उचलीची मर्यादा वीस. तुम्हाला पंधरा डॉलरचं पेट्रोल हवंय. बाहेरच्या पंपावर फोन टेकवता आणि व्यवहार नाकारला जातो. वास्तविक हिशेब बरोबर आहे. पण तुम्ही किती भरणार हे पंपाला आधी कळत नाही, म्हणून तो अंदाजानं मोठी रक्कम रोखून धरायला सांगतो, कधी शंभराच्याही वर. तेवढं तुमच्याकडे नाही, म्हणून नकार. अशा वेळी सरळ आत जायचं, काउंटरवरच्या माणसाला सांगायचं, "फोर नंबर पंप, फिफ्टीन डॉलर्स", आणि तिथल्या यंत्राला फोन लावायचा. बरोबर पंधराच मागितले जातात. हॉटेलात याच्या उलट होतं. चोवीस डॉलर मंजूर होतात, तुम्ही टिप लिहिता, आणि दोन दिवसांनी एकोणतीस कापले जातात. वजा जाणं अशा पाच डॉलरांनीच सुरू होतं.

आता प्रश्न घेतो.

(एका मुलीचा प्रश्न: काका, कार्ड हरवलं आणि मी ॲपमधून बंद केलं, तर फोनमधलं चालेल का?)

बंद करणं दोन प्रकारचं असतं. कार्ड कुठेतरी घरातच असेल असं वाटत असेल तर आधी ते तात्पुरतं गोठवा. तेवढ्या वेळात फोनवरून खर्च करता येईल असं मात्र गृहीत धरू नका. हरवलं म्हणून कळवलंत की जुना क्रमांक मरतो. मग नवीन कार्डाचा क्रमांक फोनमध्ये आला आहे का ते वॉलेट उघडून शेवटच्या चार आकड्यांवरून ताडून बघायचं. आणि कार्ड पत्त्यावर येतं, तेव्हा घर बदललंत की त्याच दिवशी ॲपमधला पत्ता बदला. तुमच्यापैकी निम्म्यांचा पत्ता अजून पहिल्या आठवड्यात ज्या सीनियरच्या सोफ्यावर झोपलात त्याचाच असणार.

(मागून प्रश्न: भाडं मी रूममेटला झेलनं पाठवतो. एक तारखेला सत्तर डॉलर कमी पडतायत.)

झेल ही खात्यातून खात्यात पैसे पाठवायची सोय आहे, तिला ही उचल लागू नाही, पैसे जाणारच नाहीत. तुमच्या घरमालकाच्या पोर्टलवर डेबिट कार्डानं भाडं भरायची सोय असेल तर तिथे लागू पडू शकेल, पण तुमची मर्यादा सत्तर किंवा त्याहून जास्त आहे का ते आधी बघा. पोर्टल कार्डासाठी वेगळा आकार लावतं का तेही बघा. हजार डॉलरच्या भाड्यावर तीन टक्के म्हणजे तीस डॉलर, आणि मग फुकटची उचल कसली? त्यापेक्षा रूममेटला आज रात्रीच सांगा की सत्तर डॉलर शुक्रवारी देतो. आणि शुक्रवारी पगार झाला की ॲपची उचल आधी कापली जाईल, उरतील त्यातून त्याचे सत्तर निघतात का, हे त्याला शब्द देण्याआधी मोजा.