नंबर काढण्यापासून चष्मा हाती येईपर्यंत

[दृश्य : पणजीतील एका चष्म्याच्या दुकानाचा काचेचा दर्शनी भाग. आत, यंत्रावर हनुवटी टेकवून बसलेली मध्यमवयीन स्त्री.]

यंत्रात डोळा लावला की लांबवर जाणारा सरळ रस्ता दिसतो आणि त्याच्या टोकाशी आकाशात एक रंगीत फुगा तरंगत असतो. फुगा क्षणभर धूसर होतो, पुन्हा स्पष्ट होतो आणि काही सेकंदांत कागदाची चिंचोळी पट्टी बाहेर येते, जिच्यावर दोन्ही डोळ्यांचे आकडे छापलेले असतात. या यंत्राचे नाव ऑटोरिफ्रॅक्टर. पणजी, मडगाव, म्हापसा, फोंडा, वास्को या शहरांतील चष्म्याच्या दुकानांत ते आता सर्रास आढळते आणि पट्टीवरचे आकडे म्हणजेच आपला नंबर, अशी पुष्कळ ग्राहकांची समजूत होते. प्रत्यक्षात यंत्राने दिलेला तो अंदाज असतो; खरी तपासणी त्यानंतर सुरू होते.

[दृश्य : तपासणीची खोली. ट्रायल फ्रेममध्ये भिंगे बदलणारे हात.]

ऑप्टोमेट्रिस्ट, म्हणजे नजर तपासून नंबर काढणारा, नाकावर भिंगे बदलता येणारी जड ट्रायल फ्रेम बसवतो, एक डोळा झाकतो आणि दुसऱ्या डोळ्यापुढे भिंगे बदलत जातो. शेवटच्या टप्प्यात भिंगांतील फरक पाव डायॉप्टरइतका सूक्ष्म असतो; डायॉप्टर हे भिंगाची शक्ती, म्हणजेच नंबर, मोजण्याचे एकक. "मावशी, आता बरे दिसते, की आधी बरे दिसत होते?" हा प्रश्न तो पुनःपुन्हा विचारतो आणि त्याच्या प्रत्येक उत्तराला महत्त्व असते. समोरचा तक्ता नेदरलँड्सचे नेत्रतज्ज्ञ हेर्मान स्नेलेन यांनी १८६२ मध्ये तयार केलेल्या तक्त्याच्या धर्तीवरचा असतो. तो सहा मीटर अंतरावरून वाचायचा असतो आणि खोली लहान असेल तर आरशाच्या साहाय्याने ते अंतर साधले जाते. ६/१८ असा शेरा मिळाला, तर निरोगी डोळ्याला जे अक्षर अठरा मीटरवरून ओळखता येते, ते या डोळ्याला सहा मीटरवरून ओळखता येते, असा त्याचा अर्थ होतो. रोमन अक्षरे सरावाची नसतील तर देवनागरी तक्ता मागावा. अक्षरओळख नसलेल्यांसाठी इंग्रजी ई या अक्षरासारख्या चिन्हाचा तक्ता असतो, ज्यात चिन्हाचे तोंड कोणत्या दिशेला आहे एवढेच हाताने दाखवायचे असते. न वाचता आल्याच्या संकोचाने अंदाजे उत्तरे दिली, तर चुकीचा नंबर पुढची काही वर्षे नाकावर बसतो.

जवळचा नंबर काढताना आपण काय काम करतो, हे सांगणे अगत्याचे आहे. मांडीवर परडी ठेवून आबोलीचे वळेसर, म्हणजे गजरे, विणणाऱ्या बाईचे अंतर वेगळे, शिलाई यंत्रावर वाकलेल्या शिंप्याचे वेगळे आणि वेर्णे येथील कारखान्यात दिवसभर संगणकाच्या पडद्याकडे पाहणाऱ्या कर्मचाऱ्याचे आणखी वेगळे. पुस्तक धरण्याच्या अंतरावर काढलेला नंबर संगणकासाठी बहुधा जास्तच ठरतो, आणि मग चष्मा नवा असूनही मान दुखू लागते.

दुकानातील ही तपासणी बहुतेक वेळा मोफत असते किंवा तिच्यासाठी किरकोळ रक्कम घेतली जाते. तिचा खर्च चष्म्याच्या किमतीतून भरून निघतो. यात लपवाछपवी काही नाही, परंतु तपासणारा आणि विकणारा एकाच छपराखाली आहेत, याचे भान ग्राहकाने ठेवायला हवे. चांगला ऑप्टोमेट्रिस्ट जुना चष्मा आधी लेन्सोमीटरवर, म्हणजे काचेचा नंबर सांगणाऱ्या यंत्रावर, मोजतो, नवा नंबर आणि जुना नंबर ट्रायल फ्रेममधून आळीपाळीने दाखवतो, आणि फरक पाव डायॉप्टरचाच असून दिसण्यात बदल नसेल, तर जुनाच चष्मा वापरा, असे सांगतो. असे सांगणारे दुकान सापडले, तर पुढच्या वेळीही तिथेच जावे, असे आमचे स्पष्ट मत आहे.

[दृश्य : म्हापशाचा शुक्रवारचा बाजार. सुईत दोरा ओवण्याचा प्रयत्न करणारी विक्रेती.]

चाळिशीनंतर डोळ्यातील नैसर्गिक भिंग ताठर होत जाते आणि जवळचे अस्पष्ट होऊ लागते. हा आजार नव्हे आणि कोणी त्यातून सुटतही नाही. परंतु त्याचा हिशेब रोजच्या मिळकतीत होतो. आसाममधील चहामळ्यांत चाळीस किंवा अधिक वयाच्या पाने खुडणाऱ्या कामगारांवर एक चाचणी झाली, जिचे निष्कर्ष २०१८ मध्ये 'लॅन्सेट ग्लोबल हेल्थ' या नियतकालिकात प्रसिद्ध झाले. जवळचा साधा चष्मा मिळालेल्या कामगारांची पानतोडणी, न मिळालेल्यांच्या तुलनेत सुमारे २२ टक्क्यांनी अधिक वाढली. काजूबियांची प्रतवारी करणाऱ्या, शिवणकाम करणाऱ्या, मासळी साफ करणाऱ्या गोव्यातील हातांनाही हेच लागू पडावे. सत्तरी किंवा काणकोण तालुक्याच्या आतल्या गावातून निघून चष्मा करून परत येण्यात एक दिवसाची मजुरी बुडते, आणि चष्मा न्यायला दुसरा दिवस लागला तर दोन दिवसांची. स्वस्त चष्म्याची किंमत मांडताना ही रक्कमही त्यात धरली पाहिजे.

[दृश्य : काळ्या चकतीच्या मध्यभागी असलेले बारीक छिद्र, अगदी जवळून.]

भिंगांच्या पेटीत एक काळी चकती असते, जिच्या मध्यभागी सुईने पाडल्यासारखे छिद्र असते. पेटीतील ही सर्वांत साधी वस्तू कदाचित सर्वांत मोलाची आहे. तिच्यातून पाहिल्यावर तक्त्यावरची अक्षरे स्पष्ट झाली, तर दोष बहुधा नंबरचा असतो आणि चष्म्याने तो भरून निघतो. छिद्रातूनही अक्षरे पुसटच राहिली, तर कारण अन्यत्र शोधावे लागते, मग ते मोतीबिंदूचे असो, दृष्टिपटलाचे (डोळ्याच्या मागच्या पडद्याचे) असो किंवा डोळ्याच्या मज्जातंतूचे. अशा ग्राहकाला चष्मा विकण्याऐवजी नेत्रतज्ज्ञांकडे पाठवणे हे तपासणाऱ्याचे कर्तव्य आहे. चष्म्याचा नंबर काढणे आणि डोळ्याची प्रकृती तपासणे ही दोन निरनिराळी कामे आहेत, आणि दुकानात त्यांपैकी पहिलेच काम होते.

गोव्यात हा भेद अधिकच महत्त्वाचा ठरतो. भारतीय वैद्यकीय संशोधन परिषदेच्या सहकार्याने झालेल्या आणि २०२३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या देशव्यापी सर्वेक्षणात मधुमेहाचे सर्वाधिक प्रमाण गोव्यात आढळले. देशाची सरासरी ११.४ टक्के असताना गोव्यात ते २६.४ टक्के होते, म्हणजे प्रत्येक चार प्रौढांमागे एकाहून अधिक. मधुमेहाने दृष्टिपटलाच्या सूक्ष्म रक्तवाहिन्या बिघडू लागतात, तेव्हा आरंभी नजर उत्तम असते आणि तक्त्यावरची शेवटची ओळही वाचता येते. काचबिंदूही असाच मुकाट्याने, कडेची नजर आधी कुरतडत येतो. म्हणून मधुमेह असलेल्यांनी वर्षातून एकदा बाहुली मोठी करणारे थेंब घालून दृष्टिपटल तपासून घ्यावे. बांबोळीच्या गोमेकॉत (गोवा मेडिकल कॉलेजात) आणि म्हापसा व मडगाव येथील जिल्हा रुग्णालयांत नेत्रविभाग आहेत. दुकानात सहज काढलेल्या ६/६ च्या शेऱ्यावर विसंबून हे टाळू नये, ही या चित्रफितीतील आमची सर्वांत कळकळीची विनंती आहे.

आणखी एक बाब मधुमेहींनी ध्यानात ठेवावी. रक्तातील साखर वरखाली होत असेल, तर डोळ्यातील भिंगाचा आकार बदलून नंबरही वरखाली होतो. साखर चढलेली असताना केलेला चष्मा, ती आटोक्यात आल्यावर निरुपयोगी ठरू शकतो. साखर काही आठवडे स्थिर राहिल्यावरच नंबर काढावा. त्याचप्रमाणे, उतारवयात एखाद्याला अचानक चष्म्याविना वर्तमानपत्र वाचता येऊ लागले, तर घरात कौतुक होते. पण तो बहुधा पिकत चाललेल्या मोतीबिंदूचा परिणाम असतो.

लहान मुलांचा पहिला नंबर दुकानात काढू नये. त्यांचे डोळे यंत्रात पाहताना स्वतःहून ताण घेतात आणि नसलेला उणे (लांबचे धूसर दिसणाऱ्यांचा) नंबर दाखवतात, म्हणून थेंब घालून नेत्रतज्ज्ञांनीच तो काढावा. एका डोळ्याचा दोष लहानपणी लक्षात आला नाही, तर तो डोळा आळशी होतो, आणि वय वाढल्यावर उपचारांना मिळणारे यश घटत जाते.

[दृश्य : नंबरची चिठ्ठी. उजवा डोळा, डावा डोळा, सिलिंडर (बुबुळाच्या असमान वक्रतेचा नंबर), अक्ष (त्या दोषाची दिशा), जवळची वाढ (वाचनासाठी मिळवायचा नंबर).]

तपासणी संपली की नंबर लिखित स्वरूपात मागून घ्यावा, चष्मा तिथे करायचा असो वा नसो. त्यावर दोन बाहुल्यांमधील अंतर, म्हणजे दुकानदारांच्या भाषेत पीडी, अवश्य लिहून घ्यावे. काचेचा मध्यबिंदू बाहुलीसमोर यावा लागतो. चार डायॉप्टरच्या काचेचा मध्य पाच मिलिमीटरने सरकला, तर त्या डोळ्यापुढे दोन प्रिझम डायॉप्टरचा, म्हणजे प्रतिमा बाजूला सरकवणारा, परिणाम निर्माण होतो आणि नंबर अचूक असूनही डोके जड होते. चिठ्ठीवर पीडी असेल, तर तीच घेऊन दुसऱ्या दुकानात भाव विचारता येतो किंवा ऑनलाइन मागवता येते. प्रोग्रेसिव्ह, म्हणजे एकाच काचेत लांबचा, मधला आणि जवळचा नंबर असलेला चष्मा मात्र ऑनलाइन मागवणे आम्हांला धोक्याचे वाटते, कारण निवडलेली फ्रेम चेहऱ्यावर बसवून उंचीचे माप घेतल्याशिवाय त्याचे निरनिराळे पट्टे योग्य जागी येत नाहीत.

[दृश्य : काउंटरवर मांडलेल्या फ्रेमा आणि दरपत्रक.]

किंमत वाढते ती काउंटरवर. फ्रेमवरची चिठ्ठी काही शे रुपयांची असते, मग पातळ काच, मग लेप, मग निळा प्रकाश अडवणारी काच, असे थर चढत जातात. यांपैकी कशाची गरज आहे, ते नंबर पाहून ठरवावे. दोन डायॉप्टरच्या आतील नंबरला नेहमीची १.५० निर्देशांकाची प्लास्टिकची काच (हा आकडा जितका मोठा, तितकी काच पातळ) पुरेशी असते आणि १.६७ ची महागडी पातळ काच घेऊन पदरी फारसे काही पडत नाही. मोठा उणे नंबर असेल, तर काचेवर खर्च करण्याआधी लहान, गोलसर फ्रेम निवडावी, म्हणजे कडा आपोआप पातळ होतात. मुले, यंत्रावर काम करणारे आणि ज्यांची एकाच डोळ्यावर भिस्त आहे, अशांनी सहजी न फुटणारी पॉलिकार्बोनेटची काच घ्यावी आणि तिथे काटकसर करू नये. रात्री अरुंद रस्त्यांवर दुचाकी चालवणाऱ्यांना अँटिग्लेअर लेपाचा लाभ जाणवतो, कारण काचेवरच उमटणारी दिव्यांची प्रतिबिंबे त्याने कमी होतात. निळा प्रकाश अडवणाऱ्या काचांबाबत वैद्यकीय पुरावे पडताळणाऱ्या कॉक्रेन संस्थेने २०२३ मध्ये १७ चाचण्यांचा आढावा घेतला, आणि संगणकामुळे येणारा डोळ्यांचा शीण त्यांनी कमी होतो, असे त्यात दिसून आले नाही. तो पैसा वाचवता येतो.

गोव्याच्या खाऱ्या, दमट हवेत हलक्या धातूच्या फ्रेमचा मुलामा लवकर उडतो, स्क्रू गंजतात आणि नाकाच्या पॅडभोवती हिरवा थर जमतो. किनाऱ्यालगत राहणाऱ्यांना साधी, चांगल्या प्लास्टिकची फ्रेम अधिक टिकाऊ पडते. हेल्मेट वापरणाऱ्यांनी काड्या सरळ आणि सडपातळ घ्याव्यात.

'एकावर एक मोफत' या योजनेत दुसऱ्या चष्म्याच्या काचांचे पैसे वेगळे लागतात का, हे आधी विचारावे. २२ सप्टेंबर २०२५ पासून नजरेच्या चष्म्यांवरील वस्तू व सेवा कर ५ टक्क्यांवर आला आहे. सांगितलेली रक्कम करासह आहे का, याची खात्री करून घ्यावी आणि फ्रेम, काच व लेप यांचे दर बिलावर सुटे लिहून घ्यावेत.

ज्यांच्या दोन्ही डोळ्यांचा जवळचा नंबर सारखा आहे आणि सिलिंडरचा दोष नाही, त्यांना बाजारात मिळणारा तयार वाचनाचा चष्माही चालतो. त्याने डोळे बिघडत नाहीत, मात्र नंबर एकदा तरी काढलेला असावा. तेवढाही खर्च झेपत नसेल, तर १९७६ पासून चालू असलेल्या राष्ट्रीय अंधत्व नियंत्रण कार्यक्रमात शाळकरी मुलांना आणि चाळिशीचा त्रास असलेल्या गरजू ज्येष्ठांना मोफत चष्मे देण्याची तरतूद आहे. त्याची चौकशी जवळच्या सरकारी आरोग्य केंद्रात करावी.

[दृश्य : नवा चष्मा घालून दुकानाच्या पायऱ्या उतरणारे ज्येष्ठ ग्राहक.]

चष्मा हाती घेताना तो दुकानातच लेन्सोमीटरवर लावून चिठ्ठीशी ताडून पाहावा. तो घालून आपल्या कामाच्या अंतरावर काही वाचावे, चार पावले चालावे, पायरी उतरून बघावी. प्रोग्रेसिव्ह काचांची सवय व्हायला एक-दोन आठवडे लागतात, परंतु त्यानंतरही पायरी वाकडी दिसत असेल किंवा डोके दुखत असेल, तर चष्मा कपाटात न टाकता दुकानात परत न्यावा आणि मापे पुन्हा तपासायला सांगावे. बिल आणि नंबरची चिठ्ठी यांचे छायाचित्र मोबाइलमध्ये ठेवले, तर पुढच्या तपासणीत नंबर किती आणि कोणत्या दिशेने सरकला, हे तपासणाऱ्याला लगेच कळते.